आयसीयूत पेशंटला दिसेल असं एक घड्याळ लावा

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

मागच्या महिन्यात तुमच्या रविवारच्या पुरवणीत एक गोष्ट आली होती, एका माणसाला असा आजार होतो की त्याचा काळच विस्कटतो, दुपारनंतर एकदम पहाट होते, मेलेली माणसं आत्ता दारात येऊन उभी राहतात आणि पाच मिनिटं काही केल्या संपत नाहीत. खाली लिहिलं होतं, आजार काल्पनिक आहे. गोष्ट चांगलीच होती, पण मला दुसऱ्यांदा वाचताना रडू आलं, कारण हे सगळं माझ्या वडलांच्या बाबतीत मी डोळ्यांनी बघितलंय. या आजाराला नाव आहे, डिलिरियम, आणि तुमच्या वाचकांपैकी ज्यांच्या घरात सत्तरीच्या पुढचं माणूस आहे त्यांनी हा शब्द आजच कुठंतरी लिहून ठेवावा असं मला मनापासून वाटतं. पत्र मोठं झालंय, कापायचं तर कापा पण घड्याळाचा भाग तेवढा ठेवा.

आमचे अण्णा ७७ वर्षांचे. मूळ गाव पाटण तालुक्यात. एसटीत आधी कंडक्टर आणि मग वाहतूक नियंत्रक म्हणून रिटायर झाले. पहिली एसटी १ जून १९४८ ला पुण्याहून नगरला गेली आणि अण्णांचा जन्मही १९४८ चाच, त्यामुळं "एसटी आणि मी एका वर्गातले" असं ते कुणालाही सांगायचे. या माणसाचं सगळं आयुष्य वेळेवर चाललेलं. मुक्कामाची गाडी किती वाजता येते, पहाटेची पहिली कधी सुटते, हे रिटायर झाल्यावर सुद्धा तोंडपाठ. सकाळी सहाला उठून एचएमटीच्या घड्याळाला चावी द्यायची, मग चहा. आई म्हणायची मला एकवेळ विसरतील पण चावी विसरायचे नाहीत.

तर हे अण्णा पावसाळ्यात अंगणातल्या फरशीवरून घसरले आणि खुब्याचं हाड मोडलं. ऑपरेशन नीट झालं, पण ऑक्सिजन कमी होता म्हणून आयसीयूत ठेवलं. आत नेताना एका प्लास्टिकच्या पिशवीत त्यांचा चष्मा, कानाचं मशीन, कवळी आणि ते घड्याळ असं सगळं भरून माझ्या हातात दिलं, मौल्यवान वस्तू घरी न्या म्हणाले, मी सही केली आणि पिशवी पर्समध्ये टाकली. तेव्हा मला जरा सुद्धा कळलं नाही की मी काय घेऊन चाललेय.

भेटायची वेळ सकाळी ११ आणि संध्याकाळी ५, प्रत्येकी दहा मिनिटं. पहिले दोन दिवस बरे गेले. तिसऱ्या दिवशी सकाळी मी गेले तर म्हणाले, "अगं उजाडलं नाही का अजून, एवढी मोठी रात्र कशी?" मी म्हणलं अण्णा अकरा वाजलेत. त्यांनी माझ्याकडं असं बघितलं जसं काही मी खोटं बोलतेय. संध्याकाळी पाचला गेले तर रागावले, "तीन दिवस झाले, तुमच्यातलं एक माणूस फिरकलं नाही." मला वाटलं औषधाची गुंगी असेल. रात्री दोनला फोन आला की पेशंट सलाईन उपटतोय, उठून पळायला बघतोय, आम्ही हात बांधलेत.

हात बांधलेत. पट्टीनं, पलंगाच्या दांड्याला. ज्या हातानं चाळीस वर्षं तिकिटं फाडली, गाड्यांच्या नोंदी केल्या, ते हात बांधलेले बघणं काय असतं ते लिहिता येत नाही मला. हॉस्पिटलचं नाव मी लिहिणार नाही, त्यांनी अण्णांचा जीव वाचवलाय आणि हे एकट्या त्यांच्याकडं होतं असंही नाही, पण सांगायला तर पाहिजेच.

नंतर त्यांच्या तोंडून तुकड्या तुकड्यात जे कळलं ते असं. आयसीयूत ते मॉनिटर सारखे टिंग टिंग, टिंग टिंग वाजतात ना, अण्णांना ती डबल बेल वाटत होती. कंडक्टरनं डबल बेल दिली म्हणजे गाडी सुटली. म्हणजे त्यांच्या दृष्टीनं रात्रभर, दिवसभर, प्रत्येक मिनिटाला गाड्या सुटत होत्या, नोंद कुठंच होत नव्हती आणि ते मात्र आडवे पडलेले. म्हणून उठत होते हो. पळून जायला नाही, ड्युटीवर जायला उठत होते. आणि पाठीला जखमा होऊ नयेत म्हणून जी हवेची गादी घालतात, ती आपोआप एका बाजूनं फुगते आणि दुसऱ्या बाजूनं बसते, ती हलली की अण्णा ओरडायचे "बाहेर पळा, भिंती येतायत." आम्हाला काही कळेना. आईला कळलं. कोयनेचा भूकंप. ११ डिसेंबर १९६७, पहाटे चार वाजून गेल्यावर, अण्णा तेव्हा १९ वर्षांचे आणि त्या पट्ट्यातलेच, घराची भिंत पडलेली त्यांनी बघितलेली. एवढ्या वर्षांत त्या रात्रीबद्दल ते घरात चार वाक्यं बोलले नसतील आणि आता ती रात्र रोज येत होती, दिवसातून दहा वेळा येत होती. एकदा मला विचारलं, "खडी फोडायची माणसं बसली का सगळी गाडीत?" म्हणजे ७२ चा दुष्काळ. आणि त्याच दमात, "तुझ्या पोराचा दहावीचा निकाल कधी आहे?" तो मात्र खरंच लागायचा होता.

आता लोक काय म्हणाले ते पण लिहिते कारण ते सगळीकडं सारखंच असणार. एका नातेवाईकानं म्हातारचळ म्हणून सोडून दिलं. शेजारच्या काकूंनी भाकरतुकडा ओवाळून टाकायला सांगितला, बाहेरचं काहीतरी असेल म्हणाल्या, आणि आईनं गपचूप टाकला सुद्धा, तिला मी काही बोलले नाही, तिला दुसरं काय करता येत होतं. माझा भाऊ पुण्याहून आला आणि म्हणाला आता अण्णांना कायमचं वेड लागलं, आपण तयारी ठेवू. त्याच्या तोंडून ते ऐकलं त्या रात्री मी आयसीयूच्या पॅसेजमधल्या बाकड्यावर बसून मोबाईलवर वाचायला सुरुवात केली आणि दुसऱ्या दिवशी एका तरुण डॉक्टरांना गाठून विचारलं. त्यांनी उभ्या उभ्या दहा मिनिटं समजावून सांगितलं, त्यांचे उपकार.

ते म्हणाले हे वेड नाही आणि डिमेन्शिया, म्हणजे म्हातारपणी स्मृती जाण्याचा आजार, तो पण नाही. डिमेन्शिया महिन्यामहिन्यानं, वर्षावर्षानं चढत जातो. हे तासात, दिवसात येतं, सकाळी माणूस बरा असतो आणि रात्री ओळख विसरतो, परत सकाळी थोडा बरा. म्हातारा मेंदू आधीच थकलेला, त्यात ऑपरेशन, भूल, दुखणं, इन्फेक्शन, रक्तातलं सोडियम कमी होणं, लघवी अडकणं, चार चार दिवस पोट साफ न होणं, पाणी कमी पडणं, झोप नसणं, काही औषधं, यातलं दोन तीन एकत्र आलं की मेंदू गडबडतो. कारण शोधून दुरुस्त केलं तर बहुतेक वेळा माणूस परत येतो. अण्णांचं सोडियम १२१ निघालं, असायला पाहिजे १३५ च्या पुढं, आणि लघवीत इन्फेक्शन. आणि शांत झोपावेत म्हणून रात्री जे इंजेक्शन देत होते त्या प्रकारच्या औषधांनी म्हाताऱ्या माणसांचा हा गोंधळ उलट वाढू शकतो, ते त्यांनी कमी केलं. आपल्याकडं झोपेच्या गोळ्या मेडिकलमधून आणून वर्षानुवर्षं घेणारी कितीतरी माणसं आहेत, ते भरती करताना डॉक्टरांना सांगत नाहीत, आणि रोज दारू घेणारे तर अजिबात सांगत नाहीत. या गोळ्या किंवा दारू अचानक बंद झाली की दोन तीन दिवसांनी असाच पण जास्त धोक्याचा प्रकार होऊ शकतो. घरच्यांनी लाज सोडून हे सांगून टाकावं.

अजून एक गोष्ट त्यांनी सांगितली जी माझ्या डोक्यातून जात नाही. शेजारच्या बेडवर एक आजी होत्या, अगदी गप्प, नुसत्या छताकडं बघत पडलेल्या, सगळे म्हणायचे बघा किती शांत पेशंट आहे, काही त्रास नाही. डॉक्टर म्हणाले त्यांना पण तेच झालंय. आरडाओरडा करणारा डिलिरियम सगळ्यांना दिसतो, गप्प बसलेला कुणालाच दिसत नाही, आणि म्हाताऱ्या माणसांत तो गप्प प्रकारच जास्त असतो.

पण मला बोलायचंय ते वेळेबद्दल. सोडियम, इन्फेक्शन हे डॉक्टर बघतील. पण त्या खोलीत वेळच नव्हता, हे कुणी बघायचं? खिडकी नाही. दिवे २४ तास चालू. रात्री दोनला रक्त काढणार, चारला अंग पुसणार, पाचला एक्सरे. घड्याळ होतं, पण ते सिस्टर लोकांच्या टेबलाच्या वर, पेशंटच्या डोक्यामागं. म्हणजे स्टाफला वेळ दिसतो आणि जो पडलाय त्याला छत दिसतं. त्यात चष्मा नाही, कानात मशीन नाही.

आपल्या मेंदूत, जिथं दोन्ही डोळ्यांच्या नसा एकमेकींना ओलांडतात त्याच्या जरा वर, साधारण वीस हजार पेशींचा एक बारीकसा पुंजका आहे, तेच शरीराचं मुख्य घड्याळ. ते डोळ्यातून येणाऱ्या उजेडावर रोज लावलं जातं, म्हणजे अण्णा रोज चावी द्यायचे तसंच म्हणा ना. उजेड अंधार गेला की हे घड्याळ आपल्या मनानं चालायला लागतं. १९६२ साली मिशेल सिफ्र नावाचा एक फ्रेंच भूशास्त्रज्ञ आल्प्स पर्वतातल्या एका गुहेत घड्याळ न घेता दोन महिने जाऊन राहिला होता. वय २३, धडधाकट, आजार नाही काही नाही. १४ सप्टेंबरला त्याला बाहेर काढला तर त्याच्या हिशोबानं २० ऑगस्टच होता. पंचवीस दिवस कुठं गेले ते त्याला माहीत नाही. त्याला फोनवरून एक ते एकशे वीस आकडे मोजायला सांगायचे, सेकंदाला एक असे, म्हणजे दोन मिनिटं व्हायला पाहिजेत, तर तो त्याला पाच मिनिटं लावायचा आणि त्याला वाटायचं बरोबर मोजतोय. आता सांगा, २३ वर्षांच्या निरोगी माणसाचं असं होतं तर खुबा मोडलेल्या, सोडियम १२१ असलेल्या, चष्मा काढून घेतलेल्या ७७ वर्षांच्या माणसाचं काय होणार? मी दहा मिनिटं भेटून गेले आणि त्यांच्या मते तीन दिवस कुणी आलं नाही, यात त्यांचं काय चुकलं?

आणि हे नुसतं माझं रडगाणं नाही. अमेरिकेत येल विद्यापीठातल्या डॉ. शॅरन इनोये आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९९९ मध्ये एक अभ्यास छापलाय, सत्तर आणि त्यावरच्या वयाचे ८५२ पेशंट, आयसीयूतले नाही, साध्या वॉर्डातले. त्यातल्या निम्म्या लोकांसाठी जास्तीचं काय केलं? त्यांना रोज तारीख, वार, जागा सांगितली, थोड्या गप्पा मारल्या, चष्मा आणि कानाचं मशीन लावायला दिलं, लवकर उठवून चालवलं, पाणी पाजलं, रात्री झोपेच्या गोळीऐवजी गरम दूध किंवा काहीतरी प्यायला, पाठ चोळून देणं आणि वॉर्डात शांतता. बस. नेहमीसारखी सेवा मिळालेल्यांत १५ टक्के लोकांना डिलिरियम झाला आणि यांच्यात ९.९ टक्के. एक नवीन औषध नाही, मशीन नाही. पाठ चोळणं आणि चष्मा! हे वाचलं तेव्हा चष्मा माझ्या पर्समध्ये होता, मी बाकड्यावरून उठले आणि दार वाजवलं.

तेव्हा नाईटला ज्या सिस्टर होत्या त्यांनी नियमाकडं न बघता चष्मा आणि मशीन आत नेलं. आणि त्या एवढ्यावर थांबल्या नाहीत. अण्णांच्या बेडजवळ आल्या की प्रत्येक वेळी, अगदी सलाईन बदलायला आल्या तरी, पहिलं वाक्य ठरलेलं, "अण्णा, मी सिस्टर, रात्रीचे अमुक वाजलेत, आज अमुक वार, तुम्ही दवाखान्यात आहात, पायाचं ऑपरेशन केलंय." त्यांच्या हाताखाली एका वेळी चार पेशंट, तरी प्रत्येक वेळी सांगायच्या. बांधलेले हात त्यांनीच सोडले आणि मला सांगितलं, तुम्ही इथं शेजारी हात धरून बसा म्हणजे बांधायची गरज नाही.

मी एक चूक केली तीही सांगते, कुणाच्या उपयोगी पडेल. चष्म्याचा एवढा फरक पडला म्हणून दुसऱ्या दिवशी मी हौसेनं त्यांचं एचएमटी मनगटावर बांधलं. मला वाटलं आता सगळं ठीक होणार. पण चार दिवस कुणी चावीच दिली नव्हती, ते कधीच बंद पडलेलं, पावणेपाचवर, आणि मी बघितलं सुद्धा नाही. अण्णा दिवसभर त्या पावणेपाचकडं बघत बसले, सिस्टर नऊ म्हणतायत, घड्याळ पावणेपाच म्हणतंय, आणि आयुष्यभर त्यांनी विश्वास कुणावर ठेवलेला? घड्याळावर. संध्याकाळपर्यंत परत गोंधळ वाढला. मग भाऊ बाजारातून मोठ्या आकड्यांचं भिंतीवरचं घड्याळ आणि रोज पान फाडायचं कॅलेंडर घेऊन आला, ते पायथ्याच्या बाजूला, नजरेसमोर लावू दिलं, आणि एचएमटीला चावी देऊन वेळ लावून मग परत बांधलं. सकाळी पान फाडायचं काम अण्णांचंच. पहिल्या दिवशी हात थरथरत होता, तीन पानं एकदम फाडली. तिसऱ्या दिवशी एकच फाडलं आणि मला म्हणाले, "बुधवार ना आज? पोराचा निकाल आज होता." होता.

एकूण नऊ दिवस. आता घरी आहेत, वॉकर घेऊन अंगणापर्यंत जातात. डॉक्टरांनी तीन महिन्यांनी स्मरणशक्ती तपासायला बोलावलंय, कारण असं झालेल्या काही माणसांना पुढं विसरायला होतं, ते आम्ही तपासून घेणार आहोत.

तर माझी मागणी आरोग्य खात्याकडं, सरकारी दवाखान्यांकडं आणि प्रायव्हेट हॉस्पिटलवाल्यांकडं पण, एकच आहे म्हणलं तरी चालेल. आयसीयूत प्रत्येक पेशंटला पडल्या जागेवरून दिसेल असं मोठं घड्याळ आणि मराठीत तारीख वार लावा. दोन चारशे रुपयांचा खर्च आहे, बाकीची बिलं आम्ही किती भरतो ते तुम्हाला माहीत आहे. चष्मा, कानाचं मशीन घरी पाठवू नका, त्यावर नाव चिकटवून बेडजवळ ठेवा, हरवलं तर आम्ही भांडणार नाही असं लिहून देतो. रात्री ज्या बेडला काम नाही तिथले दिवे बारीक करा. आणि म्हाताऱ्या माणसाजवळ घरचं एक माणूस जास्त वेळ बसू द्या, हात धुवून, मास्क लावून, तुमचे सगळे नियम पाळून. आणि ऑपरेशनच्या आधी सतरा कागदांवर सह्या घेता तेव्हा एक वाक्य तोंडानं सांगा की असं होऊ शकतं, घाबरू नका, लक्षात आलं तर लगेच आम्हाला सांगा. आम्हाला हे एक वाक्य आधी कुणी सांगितलं असतं तर माझ्या भावानं ती "तयारी" ठेवली नसती आणि आईनं रात्र रात्र देवासमोर बसून काढली नसती.

घरच्यांना पण एक सांगते. परदेशात काही आयसीयूंत पेशंटसाठी डायरी लिहितात, आज काय झालं, कोण आलं, कारण माणूस बरा झाल्यावर त्याचे ते दिवस कोरे असतात आणि जे आठवतं ते भीतीदायक असतं. मी ते वाचून घरी आल्यावर अण्णांसाठी वहीत लिहून काढलं, एसटीच्या नोंदीसारखं, तारीख, वेळ, काय घडलं. त्यांनी चष्मा लावून दोन दिवस ते वाचलं, मध्येच थांबून विचारायचे, हे खरं झालं का? मी ओरडलो का? कुणाला मारलं नाही ना? मी म्हणलं नाही अण्णा, कुणाला मारलं नाही. चौथ्या रात्रीच्या नोंदीवर, जिथं मी "३.२० सिस्टर येऊन बोलल्या" एवढंच लिहिलं होतं, तिथं बोट ठेवून बराच वेळ बसले. मग म्हणाले, "ही बाई मला आठवते. सारखी वेळ सांगायची. मला वाटायचं चौकशीच्या खिडकीवरची आहे, म्हणलं चला, एक तरी माणूस ड्युटीवर आहे."

सोमवारी त्यांना घेऊन तिकडं जाणार आहोत, त्या सिस्टरांची दिवसपाळी आहे असं कळलंय. कंदी पेढे घ्यायचे की नको यावर आई आणि अण्णांचं चाललंय, अण्णांचं म्हणणं पेढे तर पाहिजेतच पण एक भिंतीवरचं घड्याळ पण घेऊ, त्या आजींच्या बेडसमोर काहीच नव्हतं.

आपली नम्र,
एक वाचक, सातारा
(नाव छापू नये ही विनंती)